बेंचवरची बाई, 1 मिनिट 50 सेकंद

आधीच सांगतो, ही फिल्म काही गाजलेली वगैरे नाही. 14 मिनिटांची आहे, तिघांनी मिळून केली, खिशातले पैसे घालून, आणि आत्तापर्यंत जेमतेम सहा-सात ठिकाणी दाखवलीय. पण ती करताना एक भानगड अशी झाली की त्यानंतर जो कोणी स्टेशनवर, एसटी स्टँडवर, सिव्हिलच्या आवारात कॅमेरा घेऊन जायचं म्हणतो त्याला मी ती पहिली सांगतो, आणि दरवेळी तोंडी सांगून सांगून आता कंटाळा आलाय म्हणून एकदाचं सगळं लिहून टाकतो. माणसांची नावं देणार नाही.

विषय होता रात्रीचं मिरज स्टेशन. मिरजच का, तर एक म्हणजे मी साताऱ्याचा, लहानपणापासून कोल्हापूरकडे जाताना मिरजेला गाडी थांबली की बाबा खाली उतरायचे आणि गाडी सुटते की काय म्हणून माझा जीव खालीवर व्हायचा, ते डोक्यात बसलेलं. आणि दुसरं म्हणजे हे स्टेशनच वेगळं आहे. एकेकाळी इथं तिन्ही गेज, म्हणजे तिन्ही रुंदीचे रूळ, एकत्र यायचे, ब्रॉड, मीटर आणि बार्शी लाइट रेल्वेची ती अडीच फुटी नॅरो. आता सगळं ब्रॉड झालं, पण माणसं अजून तिन्ही दिशांची येतात. पुण्याकडची, कोल्हापूरकडची, पंढरपूर-कुर्डुवाडीकडची आणि खाली बेळगाव-हुबळीकडची, म्हणजे दिशा खरं तर चार झाल्या. 2016 च्या एप्रिलमध्ये लातूरला पाणी नेणारी ती जलदूत गाडी इथूनच सुटली होती, पहिल्या खेपेला 10 टँकर वॅगन, साधारण पाच लाख लिटर, आणि पुढे 50 वॅगनची गाडी. वॅगन राजस्थानातल्या कोटा इथल्या वर्कशॉपमधून धुऊन आणलेल्या. त्या गाडीच्या बातम्या देशभर गेल्या पण ती जिथून भरून सुटली त्या स्टेशनवर रात्री दोन वाजता कोण बसलेलं असतं हे कुणी बघितलं नाही, अशी आमची आयडिया. आता वाचताना जरा जास्तच शहाणपणाची वाटते पण तेव्हा भारी वाटली होती.

मिरज म्हणजे दवाखाने, हे त्या भागातल्या कुणालाही सांगायला नको. डॉ. वानलेस यांनी 19व्या शतकाच्या शेवटी मिशनचं हॉस्पिटल काढलं तेव्हापासून सांगली-कोल्हापूर-सोलापूर आणि अर्धा उत्तर कर्नाटक पेशंट घेऊन मिरजेला येतो. त्यामुळे स्टेशनवर मोठे एक्सरेचे लिफाफे मांडीवर धरून बसलेली माणसं हे नेहमीचं दृश्य. आणि आमच्या तिघांच्या डोक्यात स्टेशनवर पाऊल ठेवायच्या आधीच हे चित्र तयार होतं: रात्र, रिकामा प्लॅटफॉर्म, ट्यूबलाइट, एक्सरेचा लिफाफा, दुःख. हे लक्षात ठेवा, पुढची सगळी गडबड इथून निघाली.

परवानगीचं थोडक्यात सांगतो कारण नवीन पोरं इथंच चुकतात. 10 रुपयांचं प्लॅटफॉर्म तिकीट दोन तास चालतं आणि ते कुणाला तरी सोडायला-आणायला असतं, ट्रायपॉड लावायला नाही. रेल्वेच्या हद्दीत नीट शूटिंग करायचं तर झोनल रेल्वेच्या जनसंपर्क विभागाकडे अर्ज, स्क्रिप्ट, क्रूची माहिती, फी, विमा हे सगळं लागतं, आणि शूटिंगला रेल्वेचा माणूस सोबत असतो. आम्ही ते सगळं रीतसर केलं. अटी वाचल्या, सह्या केल्या, आणि मनातल्या मनात असं धरलं की झालं, परवानगी मिळाली. ती परवानगी फलाटाची होती, बेंचची होती, फार तर घड्याळाची आणि पाटीची होती. बेंचवर बसलेल्या माणसाची नव्हती, आणि हा फरक कागदावर सही करताना आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात आला नाही.

एक अट मात्र अगदी जिवाची होती. वरून ओएचईची, म्हणजे इंजिनाला वीज देणारी वायर जाते, 25,000 व्होल्ट, त्यामुळे माइकचा लांब दांडा, ज्याला आम्ही बूम म्हणतो, तो फलाटावर वर करायचा नाही. वायरला टेकायलासुद्धा लागत नाही, नुसतं जवळ गेलं तरी खेळ खलास. मग साउंडवाल्या मित्रानं उपाय काढला, की छोटा रेकॉर्डर एका बेंचच्या टोकाला, गमछ्याखाली ठेवून द्यायचा आणि तासभर चालू ठेवायचा, म्हणजे स्टेशनचा आवाज मिळेल. हा आवाज स्टेशनच्या फिल्मला फार लागतो कारण अनाउन्समेंटचा एक वेगळाच ताप असतो. कुणाशी बोलत असताना मागे "गाडी संख्या" चालू होतं आणि मग ते वाक्य एडिटमध्ये मधेच कापता येत नाही, कापलं तर गाडीचा नंबर अर्धा राहतो, आणि पहाटेच्या गाडीची अनाउन्समेंट रात्रीच्या शॉटवर गेली तर रोज जाणारा-येणारा माणूस लगेच पकडतो. म्हणून वेगळा, स्वच्छ आवाज भरून ठेवायचा. आयडिया बरोबर होती. रेकॉर्डर लपवून ठेवला हे चुकलं.

आमचा मेन माणूस होता एक हमाल, साठीच्या पुढचा, आम्ही मामा म्हणायचो. 2016 च्या रेल्वे बजेटमध्ये हमालांना सहायक म्हणायचं ठरलं, पण त्याला कुणी सहायक म्हणताना मी तरी ऐकलं नाही, तो स्वतःला पण हमालच म्हणतो. दंडावर पितळी बिल्ला, चिंचेनं घासून लख्ख केलेला. पगार नाही, जेवढं उचललं तेवढं मिळालं. 2008 साली लालूप्रसाद रेल्वेमंत्री असताना बऱ्याच हमालांना गँगमन म्हणून नोकरीत घेतलं, याच्या बरोबरीचे काही गेले, हा राहिला. का राहिला ते तीन वेळा विचारलं आणि तिन्ही वेळा वेगळं उत्तर दिलं, एकदा गुडघा, एकदा आई आजारी, एकदा नुसतंच "न्हाई गेलो". आम्ही तिन्ही ठेवली फिल्ममध्ये, एकामागोमाग, आणि मला विचाराल तर फिल्ममधली सगळ्यात चांगली जागा तीच आहे. चाकाच्या बॅगा आल्या, लिफ्ट आल्या, आता धंदा म्हातारी माणसं आणि लग्नाची बिऱ्हाडं एवढाच राहिलाय असं त्याचं म्हणणं.

गायक अब्दुल करीम खाँसाहेबांचा विषय पण त्यानंच काढला. खाँसाहेब मिरजेचे झालेले, तिथं दर्ग्याजवळ त्यांची कबर आहे, हे मला माहीत होतं. पण ते गेले कुठं, तर 1937 साली पाँडिचेरीला जाताना तब्येत बिघडली म्हणून सिंगपेरुमलकोइल नावाच्या छोट्याशा स्टेशनवर उतरले आणि तिथंच फलाटावर गेले. "येवढा मोठा माणूस, आन शेवट ठेसनावर," मामा म्हणाला, आणि मग बिडी काढणार होता पण कॅमेरा बघून परत ठेवली. हे फिल्ममध्ये नाहीये, अनाउन्समेंटनं खाल्लं.

आता ती बाई.

दुसऱ्या रात्री, दोन वाजून गेलेले. मी आणि कॅमेरावाला पादचारी पुलाच्या जिन्याशी बसलेलो, लांबचं जवळ आणणारी 70-200 ची लेन्स लावलेली. समोर बेंचवर एक पन्नाशीतली बाई, इरकलसारखं लुगडं, डोक्यावरून पदर, मांडीवर एक्सरेचा मोठा लिफाफा. तिचा फोन वाजला. साधा, बटणांचा फोन. ती बोलायला लागली, हळू, मग गप्प झाली, मग पदर तोंडाला लावला आणि रडायला लागली, आवाज न करता, नुसते खांदे हलत होते. फोन तसाच कानाला. मागून एक मालगाडी गेली, डब्यांच्या फटीतून पलीकडचा दिवा तिच्या तोंडावर चमकत-विझत होता. कॅमेरावाला श्वाससुद्धा घेत नव्हता. 1 मिनिट 50 सेकंद. कट केलं तेव्हा त्यानं माझा हात दाबला, आणि मी त्याचा. खरं सांगायचं तर आम्ही खूश झालो होतो. एक बाई रडतीय आणि दोघंजण जिन्यात बसून खूश, हे आता लिहिताना लाज वाटते, पण झालं तसंच.

त्यात भर म्हणजे रेकॉर्डर त्याच बेंचवर होता. म्हणजे तिचं फोनवरचं सगळं बोलणं मिळालेलं, अगदी स्वच्छ, नाक ओढल्याचा आवाज सुद्धा. बोलणं कानडीत. आम्हा तिघांपैकी एकालाही कानडी येत नाही. साउंडवाल्यानं रूमवर हेडफोन लावून ऐकलं आणि म्हणाला की "मरी" हा शब्द तीनदा येतोय, आणि एकदा "सत्त" असं काहीतरी आहे, आणि कानडीत सत्त म्हणजे मेलं एवढं त्याला कुठल्यातरी पिक्चरमधून माहीत होतं. झालं की मग. मरी, सत्त, एक्सरेचा लिफाफा, दवाखान्याचं गाव, रात्रीचे दोन. नवरा गेला असणार, नाहीतर मुलगा. कुणालाही विचारायची गरजच वाटली नाही. आणि मिरजेसारख्या गावात, जिथं चहाच्या गाड्यावरचा पोरगा सुद्धा तीन भाषा बोलतो, तिथं कानडी कळणारा माणूस शोधायला पाच मिनिटं लागली नसती. बाईला तर विचारायचं सोडूनच द्या. आम्ही जिन्यातून उतरून खाली येईपर्यंत तिच्याशेजारी दुसरी एक बाई येऊन बसली होती आणि कॅमेरावाला म्हणाला "आत्ता नको, ती दुःखात आहे". बघा म्हणजे, शूट करताना चाललं आणि विचारायला जायचं तर ती दुःखात.

पुण्यात येऊन रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जोडणी केली. त्या शॉटनं फिल्म सुरू होते असं ठेवलं. रंग जरा निळसर केला, बोलणं तसंच ठेवलं, खाली सबटायटल नाही, म्हणजे भाषा न कळता नुसता सूर ऐकू यावा असा विचार. चार-पाच मित्रांना दाखवलं, एक मैत्रीण रडली. एका फेस्टिव्हलची शेवटची तारीख तीन आठवड्यांवर होती. सगळं जमून आलेलं.

मग ठरलं की पाठवायच्या आधी मामाला दाखवू, त्याला शब्द दिला होता. शनिवारी लॅपटॉप घेऊन मिरजेला गेलो. स्टेशनच्या बाहेर चहाच्या गाड्यावर लॅपटॉप ठेवला, मामा, चहावाला आण्णा, एक रिक्षावाला आणि आम्ही दोघं. फिल्म सुरू झाली, बाई, लिफाफा, मालगाडी, रडणं. आणि आण्णा, गाळणं हातात, वाकून ऐकत होता, तो एकदम म्हणाला:

"ओ, ते शेळीचं चाललंय की."

मला कळलंच नाही. म्हटलं काय?

"शेळीचं हो. मरी म्हंजे करडू. शेळीचं पिल्लू. करडू मेलंय म्हणायलीय ती."

पुढच्या दोन मिनिटांत त्यानं सगळं सांगितलं, चहा गाळत गाळत. घरून सुनेचा फोन होता. शेळी व्यायली, दोन करडं झाली, एक थंडीनं गेलं. बाई विचारत होती पोत्यात गुंडाळलं होतं का, चुलीपाशी ठेवलं होतं का. बस, एवढंच.

आणि मामा, जो इतका वेळ गप्प होता, तो स्क्रीनकडे बोट करून म्हणाला, "ही एकादशीवाली अक्का न्हवं का? दर महिन्याला असतीय की. पंढरपूरला जातीय, बारशीला इथं गाडी बदलतीय." बारस म्हणजे द्वादशी, एकादशीचा दुसरा दिवस. मग आम्ही पहिल्यांदा तो शॉट नीट बघितला. गळ्यात तुळशीची माळ होती. कपाळावर बुक्का होता. पायाशी पिशवी होती आणि पिशवीतून चुरमुऱ्याच्या प्रसादाची पुडी डोकावत होती. हे सगळं पहिल्यापासून फ्रेममध्ये होतं, फोकसमध्ये होतं, आम्ही शंभर वेळा बघितलेलं. आम्हाला फक्त लिफाफा दिसला होता. निळ्या रंगात बुक्का तर सावलीसारखाच वाटत होता, तो आम्हीच केलेला निळा.

मामानं मग साधा प्रश्न विचारला, "तिला इचारलंय न्हवं?"

मामाला स्वतःचा पण एक शॉट फिल्ममधून काढून टाकायला लावायचा होता. पॅसेंजरकडे 80 रुपये मागतो आणि घासाघीस होऊन 40 ला उचलतो तो. जावई बघेल म्हणाला. आम्ही तिथल्या तिथं हो म्हटलं, लॅपटॉपवर त्याच्यासमोर डिलीट करून दाखवला. पाच सेकंदाची चर्चा नाही. आणि बाईच्या शॉटवर मात्र पुढे अकरा दिवस भांडलो. हा फरक मला नंतर लक्षात आला, की मामा समोर बसला होता आणि बाई नव्हती.

भांडण काय होतं ते सांगतो, कारण या सगळ्या भानगडीचा गाभा तिथं आहे. कॅमेरावाल्याचं म्हणणं, स्टेशन पब्लिक जागा आहे, ती सगळ्यांसमोर रडत होती, आपण फक्त बघितलं, आणि रडणं तर खरंच आहे ना, करडासाठी असेना का. आणि पुण्या-मुंबईच्या फेस्टिव्हलला कानडी कळतंय कुणाला (हे चुकीचं आहे, कळतं, भरपूर लोकांना कळतं). त्यानं जॉन श्लेसिंजरच्या 'टर्मिनस'चं उदाहरण काढलं. 1961 ची ब्रिटिश ट्रान्सपोर्ट फिल्म्सची डॉक्युमेंटरी, लंडनच्या वॉटर्लू स्टेशनवरचा एक दिवस, अर्ध्या तासाच्या आसपासची, निवेदन नाही काही नाही. त्यात एक हरवलेला लहान मुलगा आहे, रडतोय, आईला शोधतोय, बघणाऱ्याचं काळीज हलतं. तर त्या मुलाला मुद्दाम एकटं सोडलेलं होतं, फिल्मसाठी. म्हणजे एवढा मोठा डिरेक्टर असं करतो आणि आपण एका करडावरून अडून बसलोय.

मी तेव्हा गप्प बसलो कारण मलाही शॉट सोडवत नव्हता, हे कबूल करतो. पण नंतर विचार केला तर ते उदाहरण आमच्या अगदी उलटं आहे. तिथं प्रसंग बनवलेला आणि अर्थ खरा, मुलगा हरवल्यावर असाच रडतो. मुलावर जे केलं ते मला पटत नाही ती गोष्ट वेगळी. इथं आम्ही काहीच बनवलं नाही, कुणाला काही करायला सांगितलं नाही, कॅमेरा सुद्धा हलवला नाही, आणि तरी जे तयार झालं ते धडधडीत खोटं. नुसतं पहिल्या नंबरला ठेवलं, निळं केलं आणि सबटायटल दिलं नाही, एवढ्यावर एका जिवंत माणसाचा मुडदा पाडला. तिचा नवरा घरी ठणठणीत असेल आणि आमच्या मैत्रिणीनं त्याच्यासाठी डोळे पुसले.

पब्लिक जागेचं म्हणाल तर 2017 मध्ये पुट्टस्वामी केसमध्ये सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायाधीशांच्या बेंचनं खासगीपणा हा मूलभूत हक्क मानला, आणि माणूस सार्वजनिक ठिकाणी आला म्हणून त्याचा खासगीपणा संपत नाही असंही त्या निकालात आहे. वकील मित्रानं ते दाखवलं तेव्हा कॅमेरावाला जरा मऊ झाला. पण खरा ब्रेक साउंडवाल्यानं मारला. तो म्हणाला, चेहऱ्याचं तुम्ही बघून घ्या, पण तिचं फोनवरचं बोलणं मी लपवलेल्या मशीनवर घेतलंय, माझ्या आजीचं असं कुणी घेतलं असतं तर मी त्याच्या घरी गेलो असतो. ते काढणार नसाल तर माझं नाव काढा.

आवाज काढून नुसता शॉट ठेवायचं पण करून बघितलं. जास्तच वाईट झालं. आवाज गेल्यावर लिफाफा आणखी मोठा दिसायला लागला.

मग फेस्टिव्हलची तारीख सोडली आणि पुढच्या शुद्ध एकादशीची वाट बघितली. बारशीला संध्याकाळी मिरजेला जाऊन बसलो, कॅमेरा न घेता. पंढरपूरकडची गाडी आली, बरीच माळकरी मंडळी उतरली आणि त्यात ती, बरोबर अजून दोघी. मामा पुढं झाला. "ओ अक्का, ही पोरं तुमच्यासाठी आल्यात." तिला वाटलं पिशवी वगैरे विसरली होती ती आणून दिली.

तिचं मराठी चांगलं होतं, आमच्यापेक्षा गोड. कुडची आणि रायबागच्या मधलं गाव. आधी आम्ही काय करतो ते सांगायचा प्रयत्न केला, ते कुणाला कळण्यासारखं नव्हतंच, मग सरळ मोबाईलवर लावून दिलं आणि इअरफोन दिला. तिनं एक कानात घातला, दुसरा शेजारणीच्या. "हे मीच की वो!" म्हणून हसायला लागली, पदर बघितला, शेजारणीला काहीतरी म्हणाली, दोघी हसल्या. मग आवाज आला आणि ती गप्प झाली. पूर्ण बघितलं. परत लावा म्हणाली. परत बघितलं.

लिफाफ्याचं विचारलं तर म्हणे, "ते माझं न्हवं. एक बाई बाथरूमला गेल्ती, जरा धरा म्हणाली."

जी बाई नंतर शेजारी येऊन बसली होती ती हीच. म्हणजे दुःख ज्याच्याकडे आहे असं आम्हाला वाटत होतं तो लिफाफा भलत्याच माणसाचा, आणि ज्या माणसाचा होता तिच्याकडे आम्ही ढुंकून पाहिलं नाही. तिच्या एक्सरेत काय होतं कुणास ठाऊक.

मी विचारलं, अक्का, एका करडासाठी एवढं? म्हणजे प्रश्न मूर्खच होता. ती म्हणाली, "मी देवाला गेले आणि घरातलं गेलं. मी असते तर जगलं असतं." शेळी तिनं लहानपणापासून वाढवलेली, पहिल्या वेताची. सुनेला अनुभव नाही. करडाला पोत्यानं पुसून, तोंडातलं काढून, चुलीपाशी धरून बसावं लागतं म्हणे पहिले तीन-चार तास. हे सांगताना तिचे हात तसेच चालत होते, मांडीवर काहीतरी धरून पुसल्यासारखे. त्या हातांचा शॉट आमच्याकडे नाही, कॅमेरा नेला नव्हता, आणि नेला नव्हता म्हणूनच ते हात चालले असं मला वाटतं.

मग विचारलं की हे लोकांना दाखवू का. तिनं शेजारणीकडे बघितलं, कानडीत थोडा वेळ चाललं. तिचं म्हणणं असं पडलं: दाखवा की, पण शेळीचं पण सांगा. नुसतं रडलेलं दाखवलं तर लोक म्हणतील हिच्या घरात काहीतरी झालं, गावात नको ते बोलतील, नवऱ्याचं वय झालंय, अपशकुन नको. आणि नाव घालू नका. कागद काढला होता सही-अंगठ्याचा, तो मामानं वाचून दाखवला, तिनं सही केली, कानडीत, सावकाश. चहाचे पैसे आम्हाला देऊ दिले नाहीत, वर प्रसाद दिला.

तर फिल्म परत कापली. सुरुवातीला आता मामाचा बिल्ला आहे, चिंच लावून घासतोय तो. बाईचा शॉट नवव्या मिनिटाला गेला, निळा काढून टाकला, ट्यूबलाइटचा जो काय हिरवट-पांढरा रंग होता तो तसाच, बुक्का दिसतो. फोनवरचं बोलणं तिच्या परवानगीनं ठेवलं आणि खाली मराठी सबटायटल: "पोत्यात गुंडाळलं होतंस का? चुलीपाशी धरायचं होतंस गं." लिफाफ्याबद्दल काहीच सांगितलं नाही, ते आम्हाला सुटलं नाही. कॅमेरावाल्याचं अजूनही मत आहे की पहिला कट जास्त ताकदीचा होता, आणि तो चूक आहे असं मी छातीठोकपणे म्हणू शकत नाही. ताकद होतीच.

आता गंमत अशी होते की दर शोला त्या सबटायटलवर दोन-चार माणसं हसतात. पहिल्यांदा सांगलीला हसली तेव्हा मला घाम फुटला, वाटलं हे काय करून बसलो, आधी तिला विधवा केली आणि आता विनोद. नंतर बघितलं तर हसणारी माणसं बहुतेक शहरातली, आणि ती हसतात पण पुढच्या ओळीला, "चुलीपाशी"च्या ओळीला, थांबतात. जतच्या एका शाळेत दाखवली तिथं एक पण पोर हसलं नाही. उलट शो संपल्यावर सातवीतल्या एका मुलानं हात वर केला आणि विचारलं, "दुसरं करडू जगलं का?"

आम्हाला माहीत नव्हतं. मामाला फोन लावला, मामानं पुढच्या बारशीला विचारून सांगितलं: जगलं, पाट आहे, म्हणजे मादी, चंद्री नाव ठेवलंय. अक्कानं स्वतःचं नाव नको म्हटलं होतं, तर शेवटच्या आभाराच्या पाटीवर सगळ्यात खाली तेवढं एक नाव आम्ही नंतर घातलं.